नोंद जिथे थांबते : अमिताव घोष यांचे कथात्म आणि कथेतर लेखन

अमिताव घोष यांच्या पुस्तकांची नुसती यादी समोर ठेवली, तरी ती एकाच लेखकाची आहे हे चटकन पटत नाही. १९८६ साली प्रसिद्ध झालेल्या 'द सर्कल ऑफ रीझन' या पहिल्या कादंबरीपासून आजवरच्या वाटचालीत फाळणी आणि दंगलींच्या स्मृतीवरची कादंबरी आहे, इजिप्तमधल्या खेड्यातील वास्तव्य आणि बाराव्या शतकातील एका व्यापाऱ्याचा पत्रव्यवहार यांची एकत्र वीण घालणारा ग्रंथ आहे, मलेरियाच्या संशोधनाभोवती रचलेली विज्ञानकादंबरी आहे, ब्रह्मदेशाच्या पदच्युत राजाची आणि सागवानाच्या व्यापाऱ्यांची कहाणी आहे, अफूच्या व्यापारावरची तीन खंडांची कादंबरीमालिका आहे. आणि त्यांच्याच शेजारी कंबोडिया व ब्रह्मदेशातील प्रवासलेख, अणुचाचण्यांनंतरचा वृत्तान्त, हवामानबदलावरची व्याख्याने, जायफळाच्या बेटांचा रक्तरंजित इतिहास आणि सुंदरबनातील एका लोककथेचे पद्यरूपही आहे. २०१८ सालचा ज्ञानपीठ पुरस्कार त्यांना मिळाला, तेव्हा इंग्रजीत लिहिणाऱ्या भारतीय लेखकाला हा सन्मान प्रथमच लाभत होता.

एवढा विस्तार असलेल्या लेखकाविषयी बोलताना समीक्षेची नेहमीची सवय अशी, की कादंबऱ्यांना मुख्य कार्य मानायचे आणि बाकीचे गद्य हे त्या कामातून उरलेले साहित्य समजून कडेला ठेवायचे. प्रस्तुत व्याख्यानाची भूमिका या सवयीच्या विरोधात जाणारी आहे. घोष यांच्याकडे साहित्यप्रकाराची निवड पुराव्याच्या स्थितीवरून ठरते. नोंद उपलब्ध आहे पण तुटक आहे, अशा ठिकाणी ते कथेतर गद्य लिहितात आणि नोंदीतली भगदाडे वाचकापासून लपवत नाहीत. नोंद ठेवणाऱ्यांनीच ज्या माणसांना वगळले, त्यांच्यासाठी ते कादंबरीकडे वळतात. उत्तरायुष्यात तर कादंबरी या प्रकाराच्याच मर्यादांविषयी त्यांनी प्रश्न उभे केले आणि निबंध, दंतकथा व पद्य यांचा आधार घेतला. कुठे कल्पना करायची आणि कुठे कल्पनेला आवर घालायचा, हा त्यांच्या लेखनातला सर्वांत गंभीर निर्णय आहे, आणि त्यांच्या वैविध्याचा उलगडा त्या निर्णयाच्या आधारेच होतो.

या वृत्तीचे मूळ त्यांच्या शिक्षणात शोधता येते. १९५६ साली कोलकात्यात जन्मलेल्या घोष यांनी दिल्लीतील शिक्षणानंतर ऑक्सफर्ड विद्यापीठात सामाजिक मानवशास्त्राचा अभ्यास केला आणि १९८२ मध्ये डॉक्टरेट मिळवली. सामाजिक मानवशास्त्र म्हणजे एखाद्या समाजात दीर्घकाळ राहून, त्याची बोली शिकून, तिथले नातेसंबंध, श्रद्धा, देवघेव आणि भांडणतंटे यांची आतून नोंद घेणारी विद्याशाखा. या शास्त्रात मुरलेला माणूस ललित लेखनाकडे वळला, की त्याच्या गद्याला कोणती धार येते, हे इरावती कर्वे यांच्यामुळे मराठी वाचकाला चांगले ठाऊक आहे. 'युगान्त'मधील महाभारताची पात्रे नात्यांच्या जाळ्यात जशी पकडली जातात, तशी ती केवळ साहित्याच्या अभ्यासकाला सहसा पकडता आली नसती. घोष यांनी १९८० मध्ये इजिप्तच्या नाईल खोऱ्यातील एका खेड्यात मुक्काम ठोकला, तो अशाच क्षेत्रकार्यासाठी. त्यातून प्रबंध तर झालाच. परंतु त्याहून मोलाचा ग्रंथ त्यानंतर दहाएक वर्षांनी, १९९२ मध्ये आला, तो म्हणजे 'इन ॲन अँटीक लँड'.

या ग्रंथाजवळ थोडे रेंगाळणे आवश्यक आहे, कारण घोष यांची सगळी पद्धत त्यात उघडपणे दिसते. जुन्या कैरोतील, म्हणजे फुस्तातमधील, बेन एझ्रा या ज्यूंच्या प्रार्थनामंदिरात एक कोठी होती. ईश्वराचे नाव ज्यावर लिहिलेले असण्याची शक्यता आहे असा कोणताही कागद फाडू वा जाळू नये, या धर्मसंकेतामुळे निरुपयोगी झालेले कागद या कोठीत टाकले जात. अशा कोठीला 'जेनिझा' म्हणतात. इजिप्तच्या कोरड्या हवेत हे कागद शतकानुशतके टिकले आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस केंब्रिजसह जगभरच्या ग्रंथालयांत विखुरले गेले. त्यांत धर्मग्रंथांच्या पानांबरोबर व्यापाऱ्यांची पत्रे, हिशेब, करारनामे आणि मालाच्या याद्याही होत्या. एस. डी. गॉइटाइन या थोर संशोधकाने संपादित केलेल्या अशाच पत्रांच्या संग्रहात विद्यार्थिदशेतील घोष यांना अब्राहम बेन यिजू या व्यापाऱ्याचा शोध लागला. मूळचा ट्युनिशियातला हा ज्यू व्यापारी एडनमार्गे मंगळूरला येऊन सुमारे सतरा वर्षे राहिला आणि अशू नावाच्या स्थानिक स्त्रीशी त्याने संसार थाटला. ११४८ च्या सुमारास एडनमधील त्याच्या मित्राने त्याला लिहिलेल्या पत्राच्या शेवटी बेन यिजूच्या एका हिंदुस्थानी गुलामाला आवर्जून सलाम कळवलेला आहे.

एका गुलामाला पाठवलेला हा सलाम, एवढाच काय तो धागा. त्या गुलामाचे नाव कागदात केवळ तीन व्यंजनांत उरले होते, कारण ही पत्रे हिब्रू लिपीत लिहिलेल्या अरबी भाषेतली आहेत आणि त्या लिपीत स्वर सहसा लिहिले जात नाहीत. बोलीभाषेच्या अंगाने जाणारे हे अरबी वाचायला घोष यांना विद्यापीठातल्या प्रमाण अरबीपेक्षा नाईलकाठच्या शेतकऱ्यांची बोली अधिक उपयोगी पडली. नंतर मंगळूरला जाऊन तुळू लोकपरंपरेच्या अभ्यासकांच्या मदतीने त्यांनी त्या तीन व्यंजनांतून 'बोम्मा' हे नाव उभे केले. कादंबरीकाराच्या दृष्टीने हा क्षण मोठ्या मोहाचा होता. दोन कादंबऱ्या लिहून झालेल्या, साहित्य अकादमी पुरस्कार मिळालेल्या लेखकाला बोम्माचे बालपण, त्याचा चेहरा, त्याची भाषा, एडनच्या धक्क्यावर उतरताना त्याच्या मनात आलेले विचार, हे सारे लिहिणे अवघड नव्हते. घोष यांनी त्यातले काहीही लिहिले नाही. बोम्माने मालकाच्या वतीने एडनची वारी केली आणि तिथे दारूच्या नशेत गोंधळ घातला, हे पत्रात सापडते म्हणून ग्रंथात येते. जे सापडत नाही, ते 'कदाचित' आणि 'असावे' या शब्दांच्या आधाराने, शक्यता म्हणूनच मांडले जाते. ज्या माणसाला आठशे वर्षे कोणी विचारले नाही, त्याच्या तोंडी लेखकाने आपले शब्द घालणे, हे त्याला दुसऱ्यांदा गुलाम करणे ठरले असते. घोष यांचा हा संयम त्यांच्या कोणत्याही कादंबरीतील कल्पनावैभवाइतकाच थोर आहे.

त्याच ग्रंथाच्या दुसऱ्या पदरात इजिप्तमधील खेडे आहे. तिथला इमाम हिंदूंच्या दहनविधीवरून आणि गायीच्या पूजेवरून भर रस्त्यात लेखकाला डिवचतो, आणि बघता बघता दोघेही कोणाच्या देशाकडे अधिक बंदुका, रणगाडे आणि बॉम्ब आहेत यावर हमरीतुमरीवर येतात. या प्रसंगानंतर लेखक स्वतःवरच विषण्ण होतो, कारण बेन यिजू आणि बोम्मा यांच्या काळात हिंदी महासागराच्या दोन किनाऱ्यांवरची माणसे ज्या सहज देवघेवीच्या भाषेत बोलत, ती आता संपलेली असून पाश्चात्त्य शस्त्रसामर्थ्याची भाषाच दोघांमध्ये सामाईक उरली आहे, हे त्याला उमगते. जुन्या पत्रांचा पदर आणि आजच्या खेड्याचा पदर या प्रसंगात एकमेकांना भिडतात, आणि इतिहासाचा ग्रंथ प्रवासवर्णनाच्या वेषात का लिहिला गेला, याचे कारण स्पष्ट होते.

त्याआधी, १९८८ मध्ये आलेली 'द शॅडो लाइन्स' ही कादंबरी याच प्रश्नाची दुसरी बाजू दाखवते. १९६३ च्या डिसेंबरात श्रीनगरच्या हजरतबल दर्ग्यातील पवित्र केस नाहीसा झाला, त्याचे पडसाद पूर्व पाकिस्तानातील खुलना शहरात उमटले आणि १९६४ च्या जानेवारीत ढाका व कोलकाता या दोन्ही शहरांत दंगली उसळल्या. कादंबरीतील निनावी निवेदकाच्या लक्षात येते, की १९६२ च्या चीनयुद्धाविषयी सर्वांना सगळे आठवते आणि कपाटे भरतील एवढी पुस्तके आहेत, पण आपल्या शाळेच्या बसमागे धावलेला जमाव मात्र मित्रांपैकी कोणालाही आठवत नाही. वृत्तपत्रांच्या जुन्या फायली धुंडाळल्यावर त्याला पुरावा मिळतो. मग तो एक जुना नकाशासंग्रह उघडतो, कंपासचे टोक खुलनेवर रोवून श्रीनगरपर्यंत त्रिज्या घेतो आणि वर्तुळ काढतो. त्या वर्तुळात चीन आणि आग्नेय आशिया यांचा केवढातरी भाग सामावतो. परंतु तिथल्या एखाद्या घटनेने खुलनेत रक्त सांडेल अशी कल्पनाही कोणी करणार नाही. सरहद्दीने तोडलेली शहरे एकमेकांना किती घट्ट बांधलेली आहेत, हे सांगायला या वर्तुळाइतके साधे आणि इतके निरुत्तर करणारे साधन भारतीय कादंबरीत क्वचितच सापडेल.

ही कादंबरी लिहिण्यामागे १९८४ च्या दिल्लीतील शीखविरोधी हिंसाचाराचा अनुभव होता, हे घोष यांनी 'द घोस्ट्स ऑफ मिसेस गांधी' या १९९५ मधील निबंधात सांगितले आहे. त्या दिवसांत निघालेल्या शांतिमोर्चात ते सामील झाले होते, आणि शस्त्रे घेतलेला जमाव मोर्चावर चालून आला तेव्हा मोर्चातल्या स्त्रियांनी पुढे होऊन पुरुषांभोवती कडे केले. निबंधातला मूळ प्रश्न असा, की हिंसेचे वर्णन हुबेहूब करण्याच्या भरात लेखक हिंसेचा देखावा उभा करतो आणि तिला सामान्य माणसांनी केलेला प्रतिकार मात्र वर्णनाबाहेर राहतो. म्हणूनच त्यांनी प्रत्यक्ष पाहिलेले १९८४ अनेक वर्षे निबंधासाठी राखून ठेवले आणि कादंबरीसाठी लोक विसरून गेलेले १९६४ निवडले. पाहिलेल्या गोष्टीला साक्ष आणि पुसल्या गेलेल्या गोष्टीला कथा, ही विभागणी इथेही कायम आहे.

'द कलकत्ता क्रोमोसोम' (१९९५) या कादंबरीत मलेरियाचा प्रसार डासामार्फत होतो हे सिद्ध करून १९०२ चे नोबेल पारितोषिक मिळवणाऱ्या रोनाल्ड रॉस यांच्या प्रयोगशाळेतील नामहीन नोकरांकडे ज्ञानाची खरी सूत्रे असल्याची कल्पना केली आहे. १९९७ चा आर्थर सी. क्लार्क पुरस्कार तिला मिळाला. 'डान्सिंग इन कंबोडिया, ॲट लार्ज इन बर्मा' आणि 'काउंटडाउन' ही दोन पुस्तके म्हणजे पत्रकारितेच्या अंगाने जाणारे वृत्तान्त. त्यांतील पहिल्यात १९०६ साली कंबोडियाच्या राजाबरोबर फ्रान्सला गेलेला राजनर्तकींचा ताफा आणि ख्मेर रूजच्या संहारातून वाचलेल्या मोजक्या नर्तकी यांची जी सांगड घातली आहे, ती ज्यांनी वाचली नसेल त्यांनी आवर्जून वाचावी.

'द ग्लास पॅलेस' (२०००) ही कादंबरी महाराष्ट्राच्या दृष्टीने विशेष जवळची आहे. १८८५ मध्ये ब्रिटिशांनी उत्तर ब्रह्मदेश जिंकला, त्यासाठी जे निमित्त वापरले गेले ते बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन या मुंबईत स्थापन झालेल्या कंपनीवर तिथल्या दरबाराने ठोठावलेल्या दंडाचे, आणि वादाचे मूळ होते सागवानात. पदच्युत झालेला राजा थिबा आणि त्याचे कुटुंब यांना रत्नागिरीत आणून ठेवण्यात आले; १९१० मध्ये त्याच्यासाठी बांधून पुरा झालेला राजवाडा आजही शहरात उभा आहे, आणि १९१६ च्या डिसेंबरात राजाने तिथेच देह ठेवला. रत्नागिरीकरांच्या बोलण्यातला 'थिबा पॅलेस' हा सहलीचा टप्पा होऊन बसला असला, तरी तीस वर्षांचा निर्वास म्हणजे दररोज काय, हे घोष यांच्या कादंबरीने दाखवले. दुर्बीण घेऊन समुद्राकडे पाहत बसणारा राजा, आपल्या हक्काचा एकही रिवाज न सोडणारी राणी सुपयालत, कोकणी पावसात लहानाच्या मोठ्या होणाऱ्या राजकन्या आणि त्यांची राखण करणारी डॉली ही परिचारिका, यांच्यात सर्वांत जिवंत झाली आहे ती डॉली. राजाचा पत्ता सरकारी कागदांत पावलोपावली सापडतो. दासींचा सापडत नाही. कादंबरीचा ओढा त्या दिशेने जाणे हे घोष यांच्या एकूण रीतीला धरूनच आहे. याच पुस्तकाला २००१ मध्ये कॉमनवेल्थ लेखक पुरस्काराच्या प्रादेशिक फेरीत यश मिळाले, तेव्हा त्यांनी ते स्पर्धेतून काढून घेतले. इंग्रजीखेरीज इतर भाषांत लिहिणाऱ्यांना वगळणारा आणि पूर्वीच्या साम्राज्याच्या नावाने लेखकांना एकत्र बांधणारा तो गट त्यांना मान्य नव्हता. कादंबरीत जे मांडले त्याच्याशी व्यवहारात प्रामाणिक राहण्याचे हे उदाहरण आजच्या पुरस्कारांच्या गजबजाटात मुद्दाम आठवावे असे आहे.

'द ग्लास पॅलेस'नंतर चार वर्षांनी आलेल्या 'द हंग्री टाइड'मध्ये सुंदरबन आहे. गंगा-ब्रह्मपुत्रेच्या मुखाशी पसरलेल्या या खारफुटीच्या प्रदेशात भरतीबरोबर जमीन बुडते आणि ओहोटीबरोबर वर येते. डॉल्फिनचा अभ्यास करणारी, बंगाली न येणारी पिया आणि अक्षरओळख नसलेला फोकिर हा मच्छीमार यांच्यात एकही सामाईक भाषा नसताना जो समजूतदारपणा निर्माण होतो, तो या कादंबरीचा गाभा. तिच्या दुसऱ्या पदरात मरिचझापी आहे. पूर्व बंगालमधून आलेल्या आणि दंडकारण्यात पाठवल्या गेलेल्या निर्वासितांनी १९७८ मध्ये या बेटावर वस्ती केली आणि राखीव जंगलाच्या नावाखाली १९७९ मध्ये त्यांना बळाने हुसकावण्यात आले. वाघ वाचवण्यासाठी माणसे मारायची का, हा त्या निर्वासितांचा प्रश्न पर्यावरणाची कळकळ असलेल्या कोणालाही सहजी झटकून टाकता येणार नाही, आणि घोष यांनी तो पियासारख्या निसर्गप्रेमी पात्राच्या शेजारी आणून ठेवला, यात त्यांचा प्रामाणिकपणा आहे.

आता आयबिस त्रिखंडाकडे वळावे लागते. 'सी ऑफ पॉपीज' (२००८), 'रिव्हर ऑफ स्मोक' (२०११) आणि 'फ्लड ऑफ फायर' (२०१५) या तीन कादंबऱ्यांत १८३८ ते १८४१ या अवघ्या काही वर्षांचा काळ आहे, आणि आयबिस नावाच्या जहाजावर एकत्र आलेल्या माणसांची कहाणी आहे. पहिल्या खंडाच्या आरंभी गाझीपूरजवळच्या खेड्यात राहणाऱ्या दीतीला घराचे छप्पर शाकारायचे आहे, पण शाकारायला गव्हाचा पेंढा मिळत नाही, कारण पंचक्रोशीतील सगळ्या शेतांत आता खसखशीची, म्हणजे अफूची झाडे आहेत. ईस्ट इंडिया कंपनीने अफूच्या उत्पादनाची मक्तेदारी आपल्याकडे ठेवली होती. शेतकऱ्याला आगाऊ रक्कम देऊन अफू लावायला भाग पाडायचे, ठरवून दिलेल्या भावाने चीक घ्यायचा आणि गाझीपूर व पाटण्याच्या कारखान्यांत त्याचे गोळे करून ते लिलावाने चीनला माल नेणाऱ्या खाजगी व्यापाऱ्यांना विकायचे, अशी ही व्यवस्था होती. ती अर्थशास्त्राच्या पुस्तकात एका परिच्छेदात सांगून होते. घोष यांनी ती एका गळक्या छपरातून सांगितली.

पुढे आजारी पडलेल्या नवऱ्याला आणायला दीती कारखान्यात शिरते, तेव्हा हौदात कमरेपर्यंत बुडालेली, उघड्या अंगाची माणसे अफूचा चीक पायांनी तुडवत असताना तिला दिसतात. त्यांचे डोळे शून्यात लागलेले आहेत. गोळ्यांना गुंडाळण्यासाठी खसखशीच्या पाकळ्या तव्यावर दाबून ज्या पोळ्या केल्या जातात, त्या तिने स्वतःच्या चुलीवर केलेल्या असतात; त्यांचे काय होते, ते ती इथे प्रथम पाहते. कारखान्याचा आराखडा आणि कामाचे टप्पे यांच्या नोंदी इंग्रज अधिकाऱ्यांनी बारकाईने लिहून ठेवल्या आहेत, आणि घोष यांनी त्या वापरल्या आहेत. पण त्या नोंदींत पाकळ्यांच्या पोळ्या लाटणाऱ्या बाईची नजर नाही. ती नजर कादंबरीने आणली.

दीती पुढे सती जाण्यापासून वाचते आणि गिरमिटिया होऊन मॉरिशसच्या वाटेला लागते. गिरमिट म्हणजे ठरावीक वर्षे मजुरी करण्याचा करार, आणि या करारावर परदेशी मळ्यांत गेलेल्या मजुरांना गिरमिटिये म्हणत. कादंबरीतील जहाज कोलकात्याहून निघते आणि त्यावरची माणसे भोजपुरी बोलतात. पण मुंबई बंदरातूनही कोकणातील कितीतरी कुटुंबे अशाच कराराने मॉरिशसला गेली, आणि तिथला मराठी समाज आजही गणेशोत्सव साजरा करतो. दुसऱ्या खंडात मुंबईचा पारशी व्यापारी बहराम मोदी कँटनला जातो. नवसारीच्या गरिबीतून वर आलेला, मुंबईच्या जहाजबांधणी करणाऱ्या घराण्याचा जावई झालेला, कँटनमध्ये एका चिनी स्त्रीशी आणि तिच्यापासून झालेल्या मुलाशी जिव्हाळा ठेवणारा बहराम कुठल्याही अंगाने खलनायक नाही, आणि तरीही तो चीनमध्ये अफू आणतो. १८३९ मध्ये लिन झेशू या आयुक्ताने परदेशी व्यापाऱ्यांकडून वीस हजारांहून अधिक पेट्या ताब्यात घेऊन नष्ट केल्या, त्या काळात बहरामच्या मनात चाललेला झगडा हे या मालिकेतील सर्वश्रेष्ठ लेखन होय. भल्या माणसाने वाईट व्यापार कसा केला असेल, हे कोणत्याही वहीखात्यात सापडत नाही. तिसरा खंड त्या मानाने उणा आहे. युद्धाचा तपशील आणि योगायोगांनी जुळवलेली पात्रे यांच्या ओझ्याखाली त्याची गती मंदावते, आणि हवालदार केसरीसिंगसारखे सुरेख पात्रही त्यात पुरते फुलत नाही.

२०१५ मध्ये शिकागो विद्यापीठात दिलेली व्याख्याने पुढच्या वर्षी 'द ग्रेट डिरेंजमेंट' या नावाने प्रसिद्ध झाली आणि घोष यांच्या लेखनाला वेगळे वळण लागले. १७ मार्च १९७८ रोजी दिल्ली विद्यापीठाच्या परिसरात आलेल्या चक्रीवाताच्या तडाख्यातून विद्यार्थी असलेले घोष वाचले होते. एवढा विलक्षण अनुभव गाठीशी असूनही तो आपल्या एकाही कादंबरीत आणता आला नाही, याचे कारण त्यांनी या पुस्तकात शोधले. एकोणिसाव्या शतकात घडलेली आधुनिक कादंबरी संभाव्यतेवर, म्हणजे रोजच्या जगण्यात घडू शकेल अशा गोष्टींवर उभी आहे. असंभवनीय ते सारे तिने अद्भुतकथा आणि विज्ञानकथा यांच्याकडे लोटले. निसर्ग शांतपणे, अंदाज बांधता येईल अशा रीतीने वागतो, हा मध्यमवर्गीय विश्वास या कादंबरीच्या पायात आहे. हवामानच असंभवनीय वागू लागले, की या कादंबरीची मोठीच पंचाईत होते.

या पुस्तकात मुंबईविषयी एक प्रदीर्घ विवेचन आहे आणि ते प्रत्येक मराठी वाचकाने वाचावे अशा योग्यतेचे आहे. बेटे जोडून, खाड्या बुजवून उभे केलेले, पश्चिमेला समुद्राच्या अगदी तोंडाशी वसलेले हे शहर मोठ्या चक्रीवादळाला कितपत तोंड देऊ शकेल, हा प्रश्न त्यांनी हवामानशास्त्रज्ञांशी बोलून मांडला. २६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि मिठी नदीचे अस्तित्व शहराला नव्याने कळले, हा दाखला त्यात आहेच. पुस्तक आले तेव्हा अरबी समुद्रातील वादळे मुंबईकडे वळत नाहीत, असा समज सार्वत्रिक होता. ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आदळले आणि श्रीवर्धन, दिवेआगर भागातील नारळी-पोफळीच्या बागा भुईसपाट झाल्या. पुढच्याच वर्षीच्या मे महिन्यात तौक्ते मुंबईजवळून गेले आणि खोल समुद्रात पी-३०५ हा तराफा बुडून अनेक कामगारांचा जीव गेला. याच पुस्तकात घोष सांगतात, की कोलकात्यातील आईला तिचे सखल भागातले घर सोडण्याविषयी त्यांनी सुचवले, तेव्हा तिला मुलाचे डोके फिरल्यासारखे वाटले. धोका कळूनही घराची ओढ सुटत नाही, हे दिवेआगरच्या बागायतदाराला समजावून सांगावे लागणार नाही.

स्वतःच उभ्या केलेल्या आव्हानाला त्यांनी २०१९ मध्ये 'गन आयलंड' या कादंबरीने उत्तर देण्याचा प्रयत्न केला. सर्पदेवता मनसादेवी, सुंदरबनातून युरोपकडे निघालेले तरुण, व्हेनिसमध्ये आढळणारे विषारी कोळी आणि अमेरिकेतील वणवे यांना एका कथेत बांधताना त्यांनी योगायोगाला जाणूनबुजून मोकळीक दिली. हेतू समजतो; पण पात्रे वारंवार निबंधातील युक्तिवाद बोलू लागतात, आणि फोकिरच्या मौनात जे होते ते इथे मिळत नाही. याउलट दोन वर्षांनंतरच्या 'द नटमेग्ज कर्स' या कथेतर ग्रंथाची सुरुवात कोणत्याही कादंबरीला लाजवील अशी आहे. आजच्या इंडोनेशियातील बांदा बेटांवर १६२१ च्या एप्रिलमधील एका रात्री, सेलामोन या गावी, डच अधिकाऱ्याने बळकावलेल्या सभागृहात एक दिवा खाली पडतो. घाबरलेला अधिकारी तो हल्ल्याचा इशारा समजतो, गोळीबार सुरू होतो, आणि जायफळ व जायपत्रीच्या मक्तेदारीसाठी यान पीटरसून कून या डच गव्हर्नर जनरलने आरंभलेल्या मोहिमेत काही आठवड्यांतच त्या बेटांवरचा समाज जवळजवळ नष्ट केला जातो. दिवा पडल्याची नोंद डचांच्याच कागदांत आहे. एवढा पुरावा हाताशी असताना कल्पनेची गरज नव्हती, आणि ती घेतली असती तर नरसंहाराच्या साक्षीचे बळ कमी झाले असते. त्याच वर्षी आलेल्या 'जंगलनामा'त मात्र त्यांनी सुंदरबनातील बनबीबीची कथा बंगाली पयार छंदाच्या धर्तीवरील द्विपदींत सांगितली. भुकेला आणि हावेला मर्यादा घालणारी ही देवता गावकऱ्यांच्या गाण्यांत शतकांपासून राहत आली आहे, आणि तिला कादंबरीच्या चौकटीत कोंबण्याऐवजी तिच्याच चालीत ऐकवणे लेखकाला योग्य वाटले.

२०२३ मधील 'स्मोक अँड ॲशेस' या ग्रंथात त्रिखंडासाठी गोळा केलेली अफूविषयक साधने पुन्हा समोर आली, या वेळी पात्रांशिवाय. एकच सामग्री दोनदा वापरली गेली असे म्हणून हा ग्रंथ बाजूला ठेवणे चुकीचे होईल, कारण दीतीच्या नजरेतून दिसू न शकलेली एक गोष्ट त्यात आहे. बिहार आणि पूर्व उत्तर प्रदेशात अफूवर कंपनीची मक्तेदारी होती, म्हणून नफा सरकारात गेला आणि शेतकरी कर्जात राहिला. माळव्यात मात्र शिंदे-होळकरांसारख्या संस्थानांच्या मुलखात पीक खाजगी व्यापाऱ्यांच्या हाती होते, ते पोर्तुगीजांच्या दमणमार्गे चीनला जाई, आणि १८१८ नंतरही कंपनीला हा व्यापार मोडता आला नाही, म्हणून अखेर १८३० च्या सुमारास मुंबईहून माल नेण्याचा परवाना देऊन कर घेण्यावर तिला समाधान मानावे लागले. इतिहासकार अमर फारूकी यांच्या संशोधनाचा आधार घेऊन घोष दाखवतात, की माळव्यातील पैसा मुंबई आणि अहमदाबादच्या सावकारांकडे आणि व्यापाऱ्यांकडे साचला, आणि पश्चिम भारतातील भांडवल व पूर्वेकडील दारिद्र्य यांच्यातील आजच्या तफावतीची एक मुळी तिथे आहे. कापूस, जहाजे आणि गिरण्या यांचा वाटा लक्षात घेता अफूवर एवढा भार टाकता येईल का, याविषयी मतभेद होऊ शकतात. पण मुंबईच्या रुग्णालये, महाविद्यालये आणि धर्मशाळांमागील देणग्यांत चीनच्या व्यापारातून आलेला पैसा होता, हे सर जमशेटजी जीजीभाई यांच्या उदाहरणावरूनही नाकारता येत नाही.

हे सारे घोष यांनी मुख्यतः इंग्रजी साधनांच्या आणि इंग्रजीतील संशोधनाच्या आधारे लिहिले आहे. माळव्यातील होळकर आणि शिंदे यांच्या कारभाराची भाषा मराठी होती आणि लिपी मोडी. अफूच्या जकातीच्या, वाहतुकीच्या आणि सावकारी देण्याघेण्याच्या व्यवहारातला कंपनीच्या कागदांबाहेरचा भाग त्या दफ्तरांतूनच वाचावा लागेल, आणि तो वाचायला मोडी जाणणारा मराठी अभ्यासक हवा. उज्जैनच्या बाजारातून दमणच्या वाटेला लागलेल्या बैलांच्या तांड्यांतील हमाल, चीक काढणाऱ्या बायका आणि नाक्यावरचा कारकून यांच्यापैकी कोणाला नोंदीत जागा मिळाली आणि कोणाला मिळाली नाही, हे त्या वाचनानंतर कळेल. आणि त्यातल्या कोणाविषयी इतिहास लिहायचा व कोणाविषयी कादंबरी, हेही तेव्हाच ठरवता येईल.